गडग्याच्या वादातली शिक्षा आणि अपील : ‘पुरावा अपुरा होता’ हे दाखवायचं कसं?

प्रश्न थोडक्यात असा. देवगड तालुक्यातल्या एका वाडीत नोव्हेंबर २०२१ च्या अखेरीस, संध्याकाळी साडेसातच्या सुमारास, सामाईक गडग्यावरून (दोन आवारांमधल्या चिऱ्यांच्या कुंपणावरून) भावकीतल्या दोन घरांत मारामारी झाली. फिर्यादीच्या डोक्यात कोयत्याने वार झाला, असा आरोप होता. विचारणारे गृहस्थ मुंबईला नोकरीला असतात. गावी राहणारा त्यांचा मोठा भाऊ आणि पुतण्या या दोघांना प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांनी भादंवि (भारतीय दंड विधान) कलम ३२४ (घातक हत्याराने दुखापत) सह ३४ (समान इरादा) खाली एक वर्ष सक्तमजुरी आणि दंड सुनावला. कलम ५०४ (भांडण पेटवणारी शिवीगाळ) मधून मात्र दोघे सुटले. साक्षी झाल्या त्या फिर्यादी, त्याची बायको आणि त्याचा भाऊ यांच्या, शिवाय डॉक्टर आणि तपासी अंमलदार. दोन्ही पंच फितूर झाले. शेजारच्या कुणालाही तपासलं नाही. दादांच्या डोक्यालाही मार होता, पण त्यांची तक्रार पोलिसांनी अदखलपात्र म्हणून नोंदवली. ‘एवढ्याशा पुराव्यावर शिक्षा होतेच कशी, आणि वरच्या कोर्टात पुराव्याअभावी दोघे सुटतील का?’ असं ते विचारतात.

सुटू शकतात. पण तुम्ही जी कारणं दिली आहेत त्यातल्या निम्म्या कारणांनी सुटणार नाहीत, आणि ज्यांनी सुटू शकतील त्यांतल्या बहुतेकांचा तुमच्या पत्रात उल्लेखही नाही. कोकणातल्या फौजदारी कोर्टांत आयुष्य गेल्यावर एवढं खात्रीने सांगतो की, अशी अपिलं गावाला काय माहीत आहे त्यावर ठरत नाहीत. ती साक्षीच्या कागदांवर, ओळ न् ओळ वाचून ठरतात.

आधी मुदतीचं. न्यायदंडाधिकाऱ्यांच्या शिक्षेविरुद्ध अपील सत्र न्यायालयात जातं, म्हणजे तुमच्या बाबतीत ओरोसला, सिंधुदुर्गाच्या जिल्ह्याच्या ठिकाणी. मुदत निकालाच्या तारखेपासून ३० दिवस, आणि निकालाची नक्कल मिळायला लागलेले दिवस त्यातून वजा होतात. गुन्हा १ जुलै २०२४ च्या आधीचा असल्यामुळे कलमं जुन्या भारतीय दंड संहितेचीच राहतील. अपील मात्र आता दाखल होणार, म्हणून ते भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४१५ खाली करायचं. न्यायदंडाधिकाऱ्यांनी शिक्षा तात्पुरती थांबवून दोघांना जामिनावर सोडलं आहे असं तुम्ही लिहिता. ती सवलत अपील दाखल करण्यापुरतीच असते. ती संपायच्या आत सत्र न्यायालयाकडून कलम ४३० खाली शिक्षेला स्थगिती घ्या, नाहीतर वॉरंट निघेल. एक वर्षाच्या शिक्षेत स्थगिती सहसा मिळते. दंड भरून पावती जपून ठेवा.

निकालाची एक प्रत आरोपीला विनामूल्य मिळते. तेवढ्यावर थांबू नका. सगळ्या साक्षीदारांचे सरतपास (स्वतःच्या वकिलाने घेतलेली साक्ष) आणि उलटतपास, निशाणी पडलेले (पुरावा म्हणून क्रमांक मिळालेले) सगळे कागद, आरोपींचे जबाब आणि रोजनामा (खटल्याच्या रोजच्या कामकाजाची नोंद) यांच्या नकलांचा अर्ज आजच टाका.

आता तुमच्या कारणांकडे येतो. ‘साक्षीदार सगळे घरचेच’ हे पहिलं. कायद्यात साक्षीदारांची संख्या मोजत नाहीत. सर्वोच्च न्यायालयाने १९५७ साली वडिवेलू थेवर खटल्यात साक्षीदारांचे तीन प्रकार सांगितले : पूर्ण विश्वासार्ह, पूर्ण अविश्वासार्ह, आणि या दोहोंमधले. पहिल्या प्रकारचा एकच साक्षीदार शिक्षेला पुरतो. तिसऱ्या प्रकारच्या साक्षीला मात्र दुसऱ्या पुराव्याचा आधार शोधावा लागतो. शिवाय फिर्यादी जखमी आहे, आणि जखमी माणूस खऱ्या हल्लेखोराला सोडून दुसऱ्याला उगाच गुंतवणार नाही असं न्यायालयं धरून चालतात. नात्यातला साक्षीदार म्हणजे खोटा साक्षीदार, असा युक्तिवाद एवढ्यावरच उभा केलात तर तो पहिल्या पाच मिनिटांत पडेल. तुम्हाला दाखवायचं आहे ते वेगळं : फिर्यादी तिसऱ्या प्रकारात मोडतो, दोन घरांत गडग्यावरून जुनं वैर आहे, आणि आधार देऊ शकणारा पुरावा हाताशी असून पुढे आणला गेला नाही.

पंच फुटले याचाही फार आनंद मानू नका. आपल्याकडे गावातल्या भांडणांत पंच फुटतातच, त्यांना त्याच वाटेने रोज ये-जा करायची असते. पंच फितूर झाले तरी तपासी अंमलदाराच्या साक्षीवर जप्ती सिद्ध धरता येते. खरा प्रश्न पुढचा आहे. कोयता जप्त झाला म्हणजे नेमकं काय सिद्ध झालं? कोकणात ज्याच्या पडवीत कोयता नाही असं घर दाखवा. त्याच्यावर रक्त होतं का, तो रासायनिक तपासणीला गेला का, अहवाल निशाणीला आला का, साक्षीत तो कोयता डॉक्टरांना दाखवून ‘ही जखम याने होऊ शकते का’ असं विचारलं गेलं का, हे बघा. या चारही प्रश्नांची उत्तरं नकारार्थी असतील तर जप्ती खरी धरूनही ती आरोपीला गुन्ह्याशी जोडत नाही. फितूर पंचांपेक्षा हा मुद्दा कितीतरी भक्कम आहे.

माझा भर वैद्यकीय कागदांवर असतो, आणि तुमच्या प्रकरणातही तिथेच सगळ्यात जास्त वेळ द्यावा असं मला वाटतं. फिर्यादी म्हणतो, डोक्यात कोयत्याने वार केला. धारदार हत्याराची जखम सरळ कडांची, छेदलेली असते. दाखल्यात ‘चेचून फाटलेली जखम’ लिहिली असेल तर ती बोथट वस्तूची, म्हणजे काठीची, चिऱ्याची किंवा चिऱ्यावर पडल्याची असू शकते. गडग्यापाशी झटापट झाली आणि माणूस चिऱ्यांवर आपटला, ही शक्यता इथे हवेतली नाही. पण सरकारी वकील काय म्हणतील तेही आत्ताच ऐकून ठेवा : वार कोयत्याच्या पाठीने झाला, किंवा धार गेलेली होती. म्हणून फिर्यादीने साक्षीत ‘धारेच्या बाजूने’ म्हटलंय का, डॉक्टरांना बचाव पक्षाने पडल्याची शक्यता विचारली का आणि त्यांनी ती मान्य केली का, हे शब्दशः बघावं लागतं. डॉक्टरांचं एक वाक्य, ‘अशी जखम टणक पृष्ठभागावर पडल्याने होऊ शकते हे खरे आहे’, उलटतपासात नोंदलेलं असेल तर ते तुमच्या अपिलाच्या पहिल्या पानावर यायला हवं.

त्याच कागदावर आणखी एक रकाना असतो, रुग्णाने सांगितलेल्या हकिकतीचा. पोलिसांत जाण्याआधी, वकील भेटण्याआधी, भावकीतल्या शहाण्यांनी सल्ला देण्याआधी जखमी माणूस डॉक्टरला जे सांगतो त्याला फार वजन आहे. तिथे नुसतं ‘मारहाण’ लिहिलंय की नावंही आहेत? एकाचं की दोघांचं? कोयता लिहिलाय की काठी? सिंधुदुर्गातले रुग्ण प्राथमिक आरोग्य केंद्रातून ग्रामीण रुग्णालयात आणि तिथून पुष्कळदा थेट गोव्याला, बांबोळीच्या मोठ्या रुग्णालयात पाठवले जातात. म्हणजे हकिकत दोन-तीन ठिकाणी नोंदली जाते. पोलीस यातला सोयीचा एक कागद जोडतात. बाकीचे कागद दोषारोपपत्रात आहेत का ते बघा. गोव्याचे डॉक्टर साक्षीला आलेच नसतील तर त्या कागदांतला मजकूर सिद्ध झालेला नसतो. मात्र एक काळजी घ्या. तुमच्या आधीच्या वकिलांनी खटल्यात तो दाखला ‘मान्य’ म्हणून सही केली असेल, तर पुराव्याची गरजच संपते आणि हा मुद्दा हातचा जातो. रोजनाम्यात ते कळेल.

(कलम ३२५ किंवा ३२६ ची शिक्षा झालेले वाचक असतील तर त्यांच्यासाठी : हाड मोडल्याचा आरोप एक्स-रेवर उभा असतो. एक्स-रे प्लेट आणि ती वाचणारा डॉक्टर यांपैकी काहीच न्यायालयापुढे आलं नसेल तर ‘गंभीर दुखापत’ टिकवणं सरकार पक्षाला जड जातं.)

आता उजेडाचं. नोव्हेंबरअखेर आपल्या किनाऱ्यावर सहाच्या सुमारास सूर्य मावळतो. साडेसातला आंबा-काजूच्या कलमांत मिट्ट काळोख असतो. घटनास्थळ पंचनाम्यात दिव्याचा, खांबाचा, खळ्यातल्या बल्बचा उल्लेख आहे का? नसेल तर फिर्यादीची बायको आणि भाऊ यांनी घरातून धावत येऊन नेमकं कुणी हात धरले आणि कुणी वार केला हे कसं पाहिलं, हा रास्त प्रश्न आहे. तोही मर्यादेतच मांडा. भावकीतली माणसं एकमेकांना आवाजावरून, चालीवरून ओळखतात हे न्यायाधीशांनाही ठाऊक असतं. माणूस कोण हे अंधारात ओळखता येईल, पण कुणाच्या हाताने काय केलं हे दिसणं वेगळं. तुमच्या पुतण्याचं सगळं प्रकरण याच फरकावर आहे.

पुतण्यावर आरोप आहे तो हात धरून ठेवल्याचा. वार त्याने केला असं कुणीच म्हणत नाही. तो दोषी ठरला तो कलम ३४ मुळे, म्हणजे दोघांचा इरादा एकच होता असं धरल्यामुळे. फिर्यादीतलं वाक्य तुम्ही कळवलं आहे : ‘त्या दोघांनी मला मारहाण केली.’ हात धरल्याचा त्यात शब्द नाही. साक्षीत मात्र तिघेही एकमुखाने सांगतात की पुतण्याने मागून हात धरले. तपशील नंतर आला आणि तो आरोपीच्या भूमिकेचा गाभाच आहे, तर ती किरकोळ विसंगती राहत नाही. असा तपशील आधीच्या जबाबात नसणं ही महत्त्वाची वगळणूक धरली जाते.

पण इथेच बहुतेक अपिलं अडतात, म्हणून जरा थांबून सांगतो. पोलिसांपुढचा जबाब हा पुरावा नाही. वकिलाने अपिलात जबाब उघडून ‘बघा, यात हे नाही’ म्हणून चालत नाही. साक्षीदार पिंजऱ्यात असतानाच त्याचं त्या भागाकडे लक्ष वेधावं लागतं : ‘तुम्ही हे पोलिसांना सांगितलं होतं का? मग जबाबात का नाही?’ त्यानंतर तपासी अंमलदाराच्या उलटतपासात त्याच्याकडून वदवून घ्यावं लागतं की, होय, साक्षीदाराने माझ्यापुढे असं सांगितलं नव्हतं. ही दोन्ही पावलं पडली असतील तर वगळणूक सिद्ध झाली. पहिलं पडलं आणि दुसरं राहिलं तर मुद्दा लंगडा. दोन्ही राहिली तर बायको आणि भाऊ यांच्या जबाबांतल्या विसंगती अपिलात जवळपास निरुपयोगी. फिर्यादीचं जरा वेगळं आहे, कारण त्याची फिर्याद निशाणी पडून नोंदीवर आलेली आहे आणि न्यायाधीश ती स्वतः वाचू शकतात. तरीही त्याला त्याबद्दल विचारलेलं असणं केव्हाही चांगलं. नकला हातात आल्यावर तपासी अंमलदाराचा उलटतपास सगळ्यात आधी वाचा, तो कितीही कंटाळवाणा वाटला तरी.

त्यानंतर आरोपींचा जबाब बघा, जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३१३ खालचा. विरुद्ध गेलेली प्रत्येक गोष्ट आरोपीला विचारून त्याचं म्हणणं घ्यावं लागतं. हात धरल्याची गोष्ट पुतण्याला स्वतंत्रपणे विचारली गेली का? दोघांना मिळून एकच ठोकळेबाज प्रश्न टाकला असेल, तर न विचारलेली बाब त्याच्याविरुद्ध वापरता येत नाही असं मांडता येतं. आरोपीचं त्यामुळे नुकसान झालं हेही दाखवावं लागतं. पुतण्याच्या बाबतीत ते दाखवणं अवघड नाही.

दादांच्या जखमेबद्दल तुम्ही एकच ओळ लिहिली आहे, आणि मला ती सगळ्यात मोलाची वाटते. आरोपीच्या अंगावरच्या जखमा सरकार पक्षाने समजावून सांगितल्या नाहीत तर घटनेची सुरुवात कशी झाली हे दडवलं गेलं असा निष्कर्ष काढता येतो, असं सर्वोच्च न्यायालयाने १९७६ साली लक्ष्मी सिंग खटल्यात म्हटलं आहे. किरकोळ ओरखड्यांना हे लागू नाही. डोक्यावरच्या जखमेला लागू शकतं. प्रश्न एवढाच की, ती जखम नोंदीवर आहे का? अदखलपात्र तक्रारीची प्रत आणि दादांचा वैद्यकीय दाखला खटल्यात दाखल झाला होता का? फिर्यादीला विचारलं गेलं का की दादांना कसं लागलं, आणि तो ‘माहीत नाही’ म्हणाला का? तसं असेल तर जो माणूस पायापासून डोक्यापर्यंत सगळं पाहिल्याचं सांगतो त्याला समोरच्याच्या डोक्यातलं रक्त कसं दिसलं नाही, हे विचारायला जागा आहे. स्वसंरक्षणाचा मुद्दाही यातूनच उघडतो, आणि तो आरोपीने निःसंशय सिद्ध करावा लागत नाही, शक्यता पटण्याजोगी असली की पुरे.

दाखला नोंदीवर नसेल तर सत्र न्यायालयाला जादा पुरावा घेता येतो (नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ४३२). हा अधिकार क्वचित वापरला जातो. खटल्यात राहिलेल्या फटी बुजवायला तर तो देतच नाहीत. पण त्याच रात्रीची आरोग्य केंद्राच्या नोंदवहीतली नोंद आज तयार केलेली नाही. न्यायासाठी ती समोर येणं गरजेचं आहे असा प्रामाणिक अर्ज करता येईल. मी तो नक्की करीन.

याउलट वाडीतल्या पाच-सहा जणांची ‘असं काही घडलंच नाही’ अशी प्रतिज्ञापत्रं गोळा करायचं तुमच्या मनात आहे, ते कृपा करून करू नका. अपिलात त्यांना कोणी विचारणार नाही आणि सह्या करणाऱ्यांच्या मागे विनाकारण लचांड लागेल. फिर्यादीच्या भावाला भेटून साक्ष ‘बदलून’ देण्याची गळ घालणं तर थेट नव्या गुन्ह्याला आमंत्रण आहे.

शेजाऱ्यांना तपासलं नाही, हे तुमचं कारण बरोबर आहे, फक्त नीट मांडायला हवं. शेजारी होते आणि त्यांनी पाहिलं, हे सरकार पक्षाच्याच साक्षीतून आलेलं असलं पाहिजे. ‘आरडाओरडा ऐकून वाडीतले लोक जमले’ असं फिर्यादीने स्वतः सांगितलं असेल, पोलिसांनी त्यातल्या कुणाचे जबाब घेतले असतील आणि तरीही त्यांना गाळलं असेल, तर त्यांची साक्ष सरकार पक्षाला प्रतिकूल गेली असती असा अंदाज काढायला न्यायालयाला मोकळीक आहे. फिर्याद दुसऱ्या दिवशी दिली, हा उशिराचा मुद्दा मात्र फार ताणू नका. रात्री जखमीला दवाखान्यात नेलं हे कारण पुरेसं ठरतं.

सत्र न्यायालयाने काय करायला हवं हेही सांगतो, कारण लोक समजतात की वरचं कोर्ट फक्त निकालातली चूक शोधतं. तसं नाही. पहिलं अपील म्हणजे सगळ्या पुराव्याची नव्याने, स्वतंत्र पारख. ‘खालच्या न्यायालयाने साक्षीदारांवर विश्वास ठेवला, हस्तक्षेपाचं कारण नाही’ एवढ्यावर अपील फेटाळता येत नाही. वकील गैरहजर राहिले म्हणूनही फेटाळता येत नाही, नोंद वाचून गुणावगुणांवरच निर्णय द्यावा लागतो. १९९६ च्या बनी सिंग खटल्यापासून हे पक्कं आहे. शिक्षा वाढेल ही भीती काढून टाका. आरोपीने केलेल्या अपिलात ती वाढवता येत नाही. त्यासाठी सरकारला स्वतंत्र अपील करावं लागतं. फेरसुनावणीचा आदेश होऊ शकतो, पण तो अशा प्रकरणात विरळा.

हे अपील जीव ओतून चालवा असं मी म्हणतो त्याचं कारण यापुढची पायरी. सत्र न्यायालयात हरलात तर उच्च न्यायालयात अपील नाही, पुनरीक्षण अर्ज आहे, आणि तिथे पुराव्याची पुन्हा छाननी सहसा होत नाही. रत्नागिरी-सिंधुदुर्गची प्रकरणं १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे गेली आहेत, त्यामुळे रात्रीच्या गाडीने मुंबई गाठण्याऐवजी आता घाट चढून जाता येतं. सोय झाली हे खरं, पण साक्षीदाराचा शब्द न् शब्द तोलून बघण्याची संधी ओरोसलाच आहे.

पूर्ण मुक्तता झाली नाही तरी मधल्या वाटा आहेत. कोयता सिद्ध झाला नाही तर कलम ३२४ चं ३२३ (साधी दुखापत) होऊ शकतं. ३२४ तडजोडीने मिटवता येत नाही, ३२३ येतं, अपील चालू असतानासुद्धा, न्यायालयाच्या परवानगीने. तुम्ही लिहिलंय की गडग्याची मोजणी झाली आणि दोन्ही घरं आता बोलू लागली आहेत. तसं असेल तर हे लक्षात ठेवा. शिवाय पुतण्याचं वय आणि आधीचा गुन्हा नसणं पाहता १९५८ च्या परिवीक्षा अधिनियमाखाली चांगल्या वर्तणुकीच्या हमीवर सोडण्याची मागणी पर्याय म्हणून अपिलातच लिहून ठेवा. त्या कायद्याखाली सुटलेल्याला दोषसिद्धीमुळे येणारी अपात्रता लागत नाही, आणि ज्या मुलाला उद्या नोकरी शोधायची आहे त्याच्यासाठी हे लहान नाही.

तुम्ही सांगितलेल्यावरून माझं मत असं : पुतण्याची बाजू भक्कम आहे. दादांची बाजू डॉक्टरांच्या उलटतपासात काय आलं त्यावर आणि त्यांच्या जखमेचा कागद नोंदीवर आहे की नाही यावर झुलते आहे. म्हणूनच दोघांचं एकच अपील आणि एकच वकील, हा बेत पुन्हा तपासा. पुतण्याचा सगळ्यात चांगला युक्तिवाद असा की, काय झालं असेल ते असो, त्याने हात धरल्याचा पुरावा नाही. दादांचा असा की, वार झालाच नाही, झटापटीत दोघेही पडले. एकाच वकिलाने दोन्ही मांडताना एकाची धार बोथट होते. घरात हे बोलायला जड जातं, भाऊ आणि मुलगा वेगळे कसे करायचे असं वाटतं, पण दादांशी तुम्हीच बोला, मुलाच्या भल्याचं आहे म्हटल्यावर ते ऐकतील. दुसऱ्या वकिलाचा खर्च झेपत नसेल तर ओरोसलाच जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय आहे, पात्रता बसली तर वकील मोफत मिळतो. अर्ज पुतण्याच्या नावाने, नकलांचा अर्ज टाकाल त्याच दिवशी करा.